बॉक्समधलं स्टफिंग मिक्स ओव्हनमध्ये बेक करून पंचवीस तारखेला न्यायचंय, चव कशी वाढवू?

इंदिरानगरवाली

नमस्कार मंडळी, जरा वेगळाच प्रश्न आहे. माझी नणंद न्यूजर्सीला असते, दिवाळीत आली होती तेव्हा चॉकलेटं आणि बदामांबरोबर स्टफिंग मिक्सचे (म्हणजे मसाला लावलेले वाळक्या ब्रेडचे तुकडे) दोन खोके ठेवून गेली, "वहिनी नुसतं उकळत्या पाण्यात टाका, पाच मिनिटांत तयार" म्हणून. आता आमच्या सोसायटीत २५ डिसेंबरला रात्री सगळ्यांनी एकेक पदार्थ आणायचाय, सी विंगमधल्या काकू रोस्ट चिकन करणारेत आणि मी मोठ्या तोंडाने सांगून बसले की त्याच्यासोबत खायला काहीतरी भाजलेलं साइड डिश मी आणते 😅

खोक्यावर लिहिलंय तसं वाटीभर करून पाहिलं. वास छान आला पण खायला एकदम गिचका, वर खारट, आणि दातांना काही लागतच नाही. म्हणजे पाहुण्यांपुढे ठेवावं असं ते अजिबात नाही. माझ्याकडे २८ लिटरचा ओटीजी आहे, १८-२० माणसं असतील. ओव्हनमध्ये भाजून वर कुरकुरीत आणि आत मऊ असं होईल का, काय काय घालू, आणि सेलरी वगैरे नाशकात मिळते का? सोसायटीत निम्मे लोक शाकाहारी आहेत तेही लक्षात घ्या प्लीज.

परतलेला_नाशिककर

ताई, आधी खोका उलटा करून घटक वाचा, बाकी सगळं नंतर. अमेरिकेच्या खोक्यावर आपल्यासारखा हिरवा ठिपका नसतो त्यामुळे लोकांना वाटतं ब्रेडचा चुराच तर आहे, पण चिकन फ्लेवरचं असेल तर त्यात खरोखरचं चिकन आणि चिकन ब्रॉथची पावडर असते, बारीक अक्षरात अगदी शेवटी लिहिलेलं. नावात चिकन नसलं तरी वाचाच. तेव्हा ते शाकाहारी लोकांच्या ताटात जाता कामा नये, ट्रेवर चिठ्ठी लावा सरळ. शाकाहारींसाठी दुसरा ट्रे बेकरीच्या ब्रेडचा करा, तो खाली सांगतो, आणि खरं सांगू का तोच जास्त चांगला होतो.

आम्ही ओहायोत होतो तेव्हा नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी, थँक्सगिव्हिंगला, ऑफिसातले कोणी ना कोणी घरी बोलवायचे आणि टर्कीच्या शेजारी हे असायचंच. खोक्यातलंच मिक्स पण प्रत्येक घरी वेगळं लागायचं कारण कोणीही ते खोक्यावर लिहिल्याप्रमाणे करत नाही. मूळ गोष्ट अशी की ते मिक्स गॅसवर पाच मिनिटांत व्हावं म्हणून बनवलेलं आहे, त्यामुळे त्यात ओल भरपूर आणि भाजणं शून्य. तुम्हाला उलट करायचंय.

एका खोक्याला (१७० ग्रॅमचा असेल, बघा) दोन मध्यम कांदे बारीक चिरून, सेलरीच्या दोन-तीन काड्या चिरून, ५० ग्रॅम लोण्यात मंद आचेवर परता. घाई करू नका, कांदा सोनेरी व्हायला पंधरा-वीस मिनिटं लागतात आणि निम्मी चव तिथेच येते. मग चार-पाच मशरूम चिरून घाला, पाणी सुटून आटेपर्यंत परता. आता मिक्स मोठ्या पातेल्यात कोरडंच घ्या, त्यावर हे परतलेलं, मग गरम स्टॉक (कोंबडीची हाडं किंवा भाज्या उकळून गाळलेलं पाणी). खोक्यावर दीड कप पाणी सांगतात, त्यांचा कप २४० मिलीचा म्हणजे साधारण ३६० मिली, तुम्ही ३०० पासून सुरुवात करा आणि एक अंडं फेटून घाला, अंड्याने सगळं धरून राहतं आणि कापून वाढता येतं. अंडं घालण्याआधी स्टॉक कोमट होऊ द्या नाहीतर ऑम्लेटचे तुकडे दिसतील. हलक्या हाताने एकत्र करा, दहा मिनिटं ठेवा, मग मुठीत थोडं दाबून बघा. पाणी निथळलं तर जास्त झालं, भुगा सुटला तर अजून दोन पळ्या.

पसरट ट्रेला लोणी लावून त्यात भरा, दाबून बसवू नका. ओटीजी १८० अंशावर तापवून, वर फॉइल लावून वीस मिनिटं, मग फॉइल काढून अजून पंधरा-वीस. खोल भांडं घेतलंत तर वरचा कुरकुरीतपणा सगळ्यांच्या वाट्याला येणार नाही आणि त्यावरून भांडणं होतात, स्वतः बघितलीत.

सेलरी गंगापूर रोड, कॉलेज रोडच्या जरा हायफाय भाजीवाल्यांकडे विचारा, ब्रोकोली आणि झुकिनी ठेवतात त्यांच्याकडे असते बहुतेक वेळा. देठ जाड आणि कडक असलेली घ्या, पिवळी पडलेली नको.

पंचवटीकर

म्हणजे थोडक्यात फोडणीचा पाव, फक्त डॉलरमध्ये 😂 आमची आजी शिळ्या पावाचं हेच करायची, ओटीजी नव्हता एवढंच. राग नका मानू ताई, करा करा, पण दोन हिरव्या मिरच्या टाका त्यात नाहीतर इंदिरानगरात कोणी खाणार नाही.

शरणपूर_रोड

पंचवटीकर भाऊ, मिरची नको हो. सोबत रोस्ट चिकन आणि ग्रेव्ही असणार, त्याच्यात तिखट असतंच. हे जरा सौम्यच हवं, मिरीपूड भरपूर घाला ती पुरते.

आमच्याकडे नाताळला कोंबडीसोबत हे पिढ्यान्‌पिढ्या होतं, खोक्यातलं नव्हे, बेकरीच्या पावाचं. दोन गोष्टी सांगते. एक, स्टॉकसाठी क्यूब अजिबात आणू नका. मिक्स खारट, क्यूब खारट, आणि पिवळं पाकिटातलं बटर तेही खारट, मग गिचका बरा पण खारटपणाचं काय करणार. सी विंगच्या काकूंना सांगा कोंबडीची मान, पाठ, पंखांची टोकं टाकू नका म्हणून. ती एका कांद्याबरोबर, गाजराचा तुकडा, दहा-बारा मिरे आणि एक तमालपत्र घालून तासभर मंद उकळा, मीठ न घालता, गाळून घ्या. लोणी घरचं घ्या. साय विरजून काढलेलं पांढरं लोणी यात इतकं सुरेख लागतं की बाकी काही नाही केलं तरी चालेल.

दुसरी, कोणी म्हणेल कोंबडीच्या पोटात भरा. नको. आतलं सारण नीट शिजायला मधोमध ७४ अंश तापमान व्हावं लागतं आणि तोवर छातीचं मांस चामड्यासारखं होतं. पोटात अर्धं लिंबू आणि लसूण ठेवा, हे ट्रेमध्येच वेगळं भाजा आणि काढायच्या दहा मिनिटं आधी कोंबडीच्या ट्रेतला रस दोन-तीन चमचे वरून शिंपडा.

नाशकात हे जेवण कुठून आलं असं पोरं विचारतात म्हणून सांगते, शरणपूरची ख्रिस्ती वसाहत मिशनऱ्यांनी १८५४ मध्ये वसवली. गुलामगिरीतून सोडवलेली आफ्रिकन मुलं तिथे शिकायला होती, त्यातलाच जेकब वेनराइट पुढे आफ्रिकेत फिरणारे मिशनरी-संशोधक डेव्हिड लिव्हिंग्स्टन यांच्या मोहिमेत गेला आणि त्यांचं शव घेऊन इंग्लंडपर्यंत पोचला, १८७४ मध्ये वेस्टमिन्स्टर ॲबेत खांदेकऱ्यांत होता. शरणपूर रोडवरून रोज गाड्या नेणाऱ्यांना हे माहीत नसतं.

पंचवटीकर

काकू स्टफिंगवरून एकदम वेस्टमिन्स्टर 🙏 पण हे खरंच माहीत नव्हतं. बरं मिरची मागे घेतो.

सातपूर_फूडवाला

मी फूड प्रोसेसिंगमध्ये आहे त्यामुळे राहवत नाही. स्टोव्ह टॉप नावाचं जे मूळ प्रॉडक्ट ते जनरल फूड्स या अमेरिकन कंपनीने १९७२ मध्ये आणलं, रूथ सीम्स नावाच्या त्यांच्या होम इकॉनॉमिस्ट होत्या, १९७५ च्या पेटंटवर पहिलं नाव त्यांचं आहे. गंमत मसाल्यात नाहीये, ब्रेडच्या तुकड्याच्या आकारात आहे. भुगा असेल तर पाण्यात टाकल्याबरोबर लगदा होतो आणि मोठा तुकडा असेल तर आत पाणी पोचत नाही, मधे कोरडा राहतो. पेन्सिलीमागच्या खोडरबराएवढा तुकडा पाच मिनिटांत बरोबर भिजतो. म्हणून ते मिक्स बेक करताना तुम्ही जास्त वेळ स्टॉकमध्ये ठेवलंत किंवा जोरजोरात ढवळलंत तर तुकडे मोडतात आणि तुम्ही म्हणताय तो गिचका होतो. चमच्याने गोल गोल फिरवू नका, खालून वर उचला.

यावर उपाय म्हणजे मिक्समध्ये वेगळ्या आकाराचा ब्रेड मिसळा. जाड ब्रेड किंवा ब्रून पाव घ्या, सेंटिमीटर-दीड सेंटिमीटरचे चौकोन हाताने तोडा, सुरीने कापलेल्यापेक्षा तोडलेल्याच्या कडा खडबडीत असतात त्या जास्त कुरकुरीत होतात. ट्रेमध्ये पसरून १३० अंशावर अर्धा-पाऊण तास, पूर्ण वाळेपर्यंत. रंग यायची गरज नाही, ओल गेली पाहिजे. डिसेंबरात नाशकात हवा इतकी कोरडी असते की रात्रभर ओट्यावर उघडा ठेवला तरी बराच वाळतो, निफाडला तर विचारूच नका. दोन खोक्यांना अशा वाळलेल्या ब्रेडचे तीन-चार मोठे बाउल घाला, मिक्समधलं मीठ आणि मसाला त्याच्यावर पसरला जातो, खारटपणा आपोआप कमी आणि माणसांना पुरतंही. अर्थात जेवढा ब्रेड वाढवाल तेवढा स्टॉकही वाढवायला लागेल.

आणि एक, बेकरीचा गोड टोस्ट वापरू नका वाळलेला आहे म्हणून, वेलचीचा वास लागतो त्याला.

इंदिरानगरवाली

अरे वा एवढी उत्तरं! खोका वाचला, चिकन फ्लेवरच आहे आणि चिकन ब्रॉथ लिहिलंय 😬 बरं झालं विचारलं, आमच्या शेजारच्या आजी चातुर्मास पाळणाऱ्या, मी त्यांना हौसेने वाढलं असतं. आता दोन ट्रे करते. शाकाहारीचं नीट सांगा ना दादा, त्यात अंडंही चालणार नाही. आणि ओटीजी एकच आहे, दोन्ही एकावर एक ठेवू का? सेज म्हणतात ते पान नर्सरीत बघितलं, नाही मिळालं.

परतलेला_नाशिककर

एकावर एक नका ठेवू, २८ लिटरमध्ये वरचा जळेल आणि खालचा पांढरा राहील, शिवाय चिकनवाल्याचा थेंब खाली पडला तर आजींना काय सांगणार. शाकाहारी आधी भाजून काढा, मग दुसरा.

शाकाहारी ट्रे: ४०० ग्रॅमचा सँडविच ब्रेड, गोडसर नसलेला, सातपूरवाल्यांनी सांगितल्यासारखा तोडून वाळवा. ६०-७० ग्रॅम लोण्यात तीन कांदे, सेलरी, आणि मशरूम दुप्पट, २०० ग्रॅमचं आख्खं पाकीट, चांगले लालसर होईपर्यंत परता कारण चिकन स्टॉकचा जो खोलपणा तो इथे मशरूमनेच आणायचाय. स्टॉक म्हणजे मशरूमचे देठ, गाजर, कांद्याची बाहेरची पापुद्र्यासारखी सालं धुवून, सेलरीची पानं, मिरे, अर्धा तास उकळून गाळलेला. तो साधारण ४५० ते ५०० मिली लागेल पण एकदम ओतू नका, तीन वेळा थोडा थोडा. अंड्याऐवजी चार चमचे फ्रेश क्रीम. कापून चौकोन निघणार नाहीत, चमच्याने वाढावं लागेल, चवीत फरक नाही.

सेज नसेल तर सोडून द्या. सुकं थाइम एक चमचा आणि रोजमेरी अर्धा चमचा, रोजमेरी तळहातावर चोळून, नाहीतर दातात काड्या येतात. मी चिमूटभर जायफळ घालतो, ते कुठल्याही अमेरिकन रेसिपीत असेलच असं नाही पण जमतं. ओवा घालू नका सेलरीच्या जागी, कोणीतरी सांगेल, त्याने सगळ्याला पोटदुखीच्या काढ्याचा वास येतो. सेलरी नाहीच मिळाली तर कोबीचा आतला पांढरा दांडा बारीक चिरून आणि कोथिंबिरीचे देठ, वास वेगळा येईल पण करकरीतपणा मिळेल. खोक्याच्या ट्रेमध्ये मात्र वरून हर्ब्ज घालू नका, त्यात आधीच आहेत.

देवळाली_कॅम्प

उशिरा आले पण वाईन कोणीच सांगितली नाही याचं आश्चर्य, आणि आपण राहतो कुठे! कांदा सोनेरी झाला की अर्धी वाटी पांढरी वाईन, दिंडोरीकडची कुठलीही, कोरडी म्हणजे गोड नसलेली, ओता आणि कढईच्या तळाला चिकटलेलं सगळं खरवडून घ्या, पूर्ण आटू द्या. शाकाहारी ट्रेसाठी आजींचा विचार करून नको, दुसऱ्यात घाला.

गोडसर आंबट काहीतरी पाहिजेच यात, नाहीतर नुसतं पाव आणि लोणी होतं. एक सफरचंद, करकरीत आणि आंबटसर, सालासकट बारीक फोडी करून शेवटची पाच मिनिटं कांद्यात परता. पिंपळगावकडून आणलेले मनुके असतील तर मूठभर गरम स्टॉकमध्ये भिजवून घाला, काळे घेतलेत तर दिसायलाही छान. अक्रोड जाडसर तोडून कोरडे भाजून सगळ्यात शेवटी, आधी घातले तर मऊ पडतात. माझे मिस्टर म्हणतात मनुके म्हणजे शिऱ्यात, पण ते ताटात बाजूला काढायचे आणि शेवटी तेच आधी संपवायचे.

शरणपूर_रोड

मनुके नको बाई मला, पण सफरचंदाला हो. सॉसेज मिळालं तर चिकनच्या ट्रेमध्ये त्याचं आवरण काढून, चुरून, कांद्याआधी परता आणि त्याच्या सुटलेल्या तेलात कांदा. मग मीठ मुळीच घालायचं नाही.

इंदिरानगरवाली

शेवटचं विचारते. जेवण आठ वाजता आहे, मी ऑफिसातून साडेसहाला येते. सगळं आदल्या रात्री करून ठेवलं तर चालेल?

सातपूर_फूडवाला

अर्धं चालेल. आदल्या रात्री ब्रेड वाळवून डब्यात, कांदा-सेलरी-मशरूम परतून वेगळं फ्रिजमध्ये, स्टॉक गाळून फ्रिजमध्ये. एकत्र करू नका, रात्रभर ओलं राहिलं की तुकड्यांचा आकार गेलाच म्हणून समजा आणि कच्चं अंडं घातलेलं तर मुळीच ठेवू नका. आल्यावर ओटीजी तापायला लावा, स्टॉक गरम करा, पंधरा मिनिटांत ट्रे आत. परतलेलं फ्रिजमधून थंडगार घातलंत तर लोणी गोठून गोळे होतात, तेही गरम करून घ्या. पहिला ट्रे सातला आत, सात पस्तीसला बाहेर, फॉइल झाकून जाड टॉवेलमध्ये गुंडाळा. दुसरा आठ दहापर्यंत होतो, तोपर्यंत लोक सूपवरच असतील.

खाली नेल्यावर वर ओल धरते वाफेने, त्यामुळे फॉइल घट्ट लावू नका, एका कोपऱ्यात फट ठेवा.

परतलेला_नाशिककर

आणि फॉइल काढल्यावर शेवटची पाच मिनिटं फक्त वरचा रॉड चालू ठेवा, समोर उभं राहून. त्याआधी वितळलेलं लोणी ब्रशने वरून. रंग गव्हाच्या पोळीवरच्या डागांएवढा आला की बंद.

उरलं तर दुसऱ्या दिवशी हाताने चपटे गोळे करून तव्यावर थोड्या लोण्यात दोन्ही बाजूंनी लाल करा, वर हाफ फ्राय. चिकनवाल्या ट्रेचं आणि शाकाहारीचं वेगवेगळ्या डब्यांत ठेवा, दोन दिवसांत संपवा.

पंचवटीकर

त्या गोळ्यांना तरी मिरची चालेल ना काकू?

शरणपूर_रोड

चालेल. बारीक चिरून, आणि वर लिंबू पिळा.